भाड्याचा अर्ज कुठे द्यायचा?

मराठवाड्यातल्या एका नगरपालिकेत बत्तीस वर्षे आवक-जावकच्या टेबलावर काम करून निवृत्त झालेल्या ताई या सदरात वाचकांच्या पत्रांना उत्तरे देतात.

प्रश्न : ताई, नमस्कार. मी औसा तालुक्यातली. मुलीचे वडील वारून दोन वर्षं झाली. मुलीला दहावीला 84 टक्के पडले म्हणून यंदा जूनमध्ये तिला घेऊन लातूरला आले. ती अकरावी सायन्सला आहे. मी एका मेसमध्ये पोळ्या करते, महिन्याला 9,000 मिळतात. क्लासेसच्या भागात पत्र्याची एक खोली घेतली. भाडं 4,500, डिपॉझिट 10,000 रोख दिलं, कागद काहीच नाही. अकरावीचे प्रवेश लांबले, मेस भरली नाही, मालकिणीनं मला दीड महिना कामावर बोलावलंच नाही. जुलै आणि ऑगस्टचं भाडं थकलं. आता घरमालकांनी मोटारीचं पाणी बंद केलंय. महिनाअखेर खोली रिकामी करा म्हणायलेत.

मेसमधली एक बाई म्हणाली, सरकार भाडं भरतंय, म्हाडात अर्ज टाक. मी दोन दिवस काम बुडवून एका कार्यालयात गेले. या खिडकीवरून त्या खिडकीवर. शेवटी एकानं सांगितलं, इथं घरकुलाचं बघतात, भाड्याचं नाही. बाहेर चहाच्या टपरीवर एकजण भेटला, 3,000 द्या, आठ दिवसांत मंजूर करून आणतो म्हणाला. लेकरू म्हणायलंय, आई गावाकडं जाऊ. आमच्याकडं एससीचा दाखला आहे. भाड्याचा अर्ज नेमका कुठं द्यायचा?
– एक वाचक, लातूर

उत्तर : ताई, टपरीवरच्या माणसाला एक रुपयाही देऊ नका. आणि पुढचं वाचून होईपर्यंत खोली सोडायचा विचार बाजूला ठेवा.

आधी जे खरं आहे ते सांगते, कारण त्यानंच तुमचे फेरे वाचतील. थकलेलं घरभाडं भरून देणारं टेबल आपल्याकडे महापालिकेत नाही, म्हाडात नाही, कलेक्टर कचेरीतही नाही. म्हाडाचं छत्रपती संभाजीनगर मंडळ सोडत काढून घरं विकतं. त्यासाठी अनामत भरावी लागते, सोडतीत नाव लागलं तर घराची किंमत भरावी लागते. भाड्याचा अर्ज घेऊन तिथं गेलात तर एसटीचं तिकीट जाईल, दिवस मोडेल आणि उत्तर तेच मिळेल. तुम्हाला खिडकीवरच्या माणसानं सांगितलं ते चूक नव्हतं. त्यानं अर्धंच सांगितलं, याचं मला वाईट वाटतं. ‘इथं नाही’ म्हणणाऱ्यानं ‘मग तिथं जा’ एवढं सांगायला किती वेळ लागतो?

तर ते उरलेलं अर्धं मी सांगते. तुमच्यासारख्या घराला मदत मिळते, पण तिच्या नावात ‘भाडं’ हा शब्द नसतो. म्हणून ‘भाड्याची मदत’ असं विचारलं की सगळीकडे नकारच येतो. मदतीचं नाव घेऊन विचारायचं.

पहिलं नाव, बालसंगोपन योजना. क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले बालसंगोपन योजना असं पूर्ण नाव आहे. आई किंवा वडील हयात नसलेल्या मुलांना वयाची 18 वर्षं पूर्ण होईपर्यंत महिन्याला 2,250 रुपये मिळतात. पूर्वी ही रक्कम 1,100 होती. तुमच्या खोलीचं भाडं 4,500, म्हणजे हे बरोबर निम्मं झालं. मराठवाड्यात नवरा गेलेल्या कितीतरी बायका पोरांना घेऊन शहरात खोल्या करून राहतात आणि त्यांतल्या पुष्कळजणींच्या कानावर हे नाव पडलेलंच नसतं. अर्ज जिल्हा महिला व बालविकास अधिकाऱ्याच्या कार्यालयात द्यायचा. पुढे बालकल्याण समिती मुलीला आणि तुम्हाला समोर बोलावते, घराची चौकशी होते, मग आदेश निघतो. मुलीच्या वडिलांचा मृत्यूचा दाखला, दोघींचं आधार, रेशनकार्ड, उत्पन्नाचा दाखला, कॉलेजचं बोनाफाइड, बँकेचं पासबुक एवढं बरोबर ठेवा. मुलगी सोळाची असेल तर हातात दोनच वर्षं आहेत. एकेक महिना मोलाचा आहे, म्हणून हे सगळ्यात आधी करा.

दुसरं नाव, स्वाधार. डॉ. बाबासाहेब आंबेडकर स्वाधार योजना ही अनुसूचित जाती आणि नवबौद्ध विद्यार्थ्यांसाठी आहे. अकरावीपासून पुढे शिकणारा, गाव सोडून शहरात राहणारा आणि सरकारी वसतिगृहात प्रवेश न मिळालेला विद्यार्थी यात बसतो. पालकांचं वार्षिक उत्पन्न अडीच लाखांच्या आत लागतं. तुमचं बारा महिने काम चाललं तरी 1,08,000 होतं. मुंबई-पुण्याकडे वर्षाला 60,000 पर्यंत रक्कम आहे. लातूरसारख्या जिल्ह्याच्या ठिकाणी 43,000 धरली होती. त्यात 25,000 जेवणाचे, 12,000 राहण्याचे आणि 6,000 निर्वाहाचे. पैसे मुलीच्या आधार जोडलेल्या खात्यावर येतात. ते दरमहा वेळेवर येतील असं धरून घरमालकाला तारीख देऊ नका, हप्त्याला उशीर होतो. पण आले की वर्षाचा कणा सरळ होतो. हे काम सामाजिक न्याय भवनात, समाज कल्याणच्या सहायक आयुक्तांच्या कार्यालयात आहे. आधी वसतिगृहाचा अर्ज भरायचा, तो डावलून स्वाधार मिळत नाही. वसतिगृहात जागा मिळाली तर राहणं-जेवण मोफत होतं. मुलीला तिथं ठेवायचं की जवळ ठेवायचं हे तुम्ही दोघींनी ठरवा. सोळाच्या लेकीला जवळ ठेवावंसं वाटणाऱ्या आईला मी त्यात काही सांगणार नाही.

दोन्ही अर्जांत सगळं खरं लिहा, एका योजनेचा अर्ज दुसऱ्या कार्यालयापासून लपवू नका. कुणीतरी संजय गांधी निराधार योजनेचंही सुचवेल. विधवा बाईला त्यात महिन्याला 1,500 आहेत, पण उत्पन्नाची अट वर्षाला 21,000 ची आहे. तुमचं उत्पन्न त्यात बसत नाही. ‘कमी उत्पन्नाचा दाखला काढून देतो’ म्हणणारे सेतूच्या दारातच भेटतील. त्याला बळी पडलात तर पुढे मुलीच्या प्रत्येक शिष्यवृत्तीत तो खोटा दाखला आडवा येईल.

आता पाण्याचं. याचा मला खरोखर राग आला, कारण लातूरमध्ये पाणी तोडणं म्हणजे काय हे लातूरकराला सांगावं लागत नाही. 2016 च्या उन्हाळ्यात मिरजेहून रेल्वेनं पाणी आणलेलं हे शहर आहे. भाडं थकलं म्हणून पाणी किंवा वीज तोडायचा अधिकार घरमालकाला नाही. मराठवाड्यात पूर्वी निजामी मुलखासाठीचा 1954 चा हैदराबाद घरभाडे कायदा चालायचा. आता महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, 1999 आहे. त्याचं कलम 29 सांगतं की सबळ कारणाशिवाय भाडेकरूचा अत्यावश्यक पुरवठा तोडता येत नाही, आणि तोडला तर न्यायालय तो पुन्हा सुरू करायला लावू शकतं. कलम 15 प्रमाणे थकबाकीची लेखी नोटीस द्यावी लागते, आणि त्यानंतर 90 दिवस गेल्याशिवाय त्या कारणावर दावाही लावता येत नाही. तोंडी ‘महिनाअखेर निघा’ याला कायद्यात किंमत नाही.

आणि कागद नाही म्हणून तुम्ही घाबरलात ना? उलटं आहे. कलम 55 प्रमाणे भाड्याचा करार लेखी करून नोंदवायची जबाबदारी घरमालकाची आहे. त्यानं तो केला नसेल तर अटींबद्दल वाद झाल्यास, उलट सिद्ध होईपर्यंत, भाडेकरूचं म्हणणं ग्राह्य धरतात. करार न नोंदवणाऱ्या मालकाला तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा 5,000 रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो.

हे वाचून लगेच भांडायला जाऊ नका. कायदा पदराला बांधून ठेवा आणि आधी बोला. तुमचे घरमालकही कदाचित त्या दोन-तीन खोल्यांच्या भाड्यावरच घर चालवत असतील. एका महिन्याचं भाडं जमवा, शक्यतो मुलीच्या मोबाइलवरून पाठवा म्हणजे नोंद राहील. रोख दिलंत तर पावती मागा, ती देणं त्यांना बंधनकारक आहे. उरलेल्या महिन्याचे तीन हप्ते तारखा घालून लिहून द्या. त्याच बैठकीत करार नोंदवायचं काढा. स्वाधारला राहत्या जागेचा पुरावा लागतो, तिथं हा करार उपयोगी पडेल. अकरा महिन्यांच्या कराराला एकूण भाड्याच्या 0.25 टक्के मुद्रांक शुल्क आहे, म्हणजे तुमच्या खोलीला सव्वाशेच्या आसपास, आणि शहरात नोंदणी फी 1,000. दोघांनी निम्मी निम्मी भरावी असं सुचवून बघा.

बोलून पाणी सुटलं नाही तर जिल्हा न्यायालयाच्या आवारात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे, तिथं जा. 1987 च्या विधी सेवा कायद्यानं कोणत्याही स्त्रीला, उत्पन्न कितीही असो, सरकारी खर्चानं वकील मिळतो. अनुसूचित जातीच्या व्यक्तीलाही मिळतो. तुम्ही दोन्ही कारणांनी पात्र आहात. साध्या कागदावर अर्ज चालतो. काम बुडवून जाण्याआधी 15100 या मदत क्रमांकावर फोन करून विचारून घ्या. प्राधिकरणातून घरमालकाला समेटासाठी बोलावणं गेलं तरी पुष्कळदा तेवढ्यावर भागतं, कोर्टाची पायरी चढावीच लागते असं नाही.

घरकुलाबद्दल थोडक्यात. प्रधानमंत्री आवास योजना शहरीचा दुसरा टप्पा 2024 मध्ये सुरू झालाय. त्यात भाड्यानं देण्यासाठी घरं बांधण्याचाही एक भाग आहे, पण ती घरं झाली, भाड्याचे पैसे नव्हेत. घर मिळवण्यासाठी तुम्ही जरूर नाव नोंदवा. वर्षाला तीन लाखांच्या आतलं उत्पन्न दुर्बल गटात मोडतं. कुटुंबाच्या नावावर देशात कुठंही पक्कं घर नसावं ही अट आहे. गावाकडचं सासऱ्यांचं मातीचं माळवद असेल तर ग्रामपंचायतीतून नमुना आठचा उतारा काढून बघा, घर कुणाच्या नावावर आहे आणि बांधकाम काय लिहिलंय. जे असेल तेच अर्जात लिहायचं. यातून या महिन्याचं भाडं सुटणार नाही, हे मात्र लक्षात ठेवा.

आता मी ज्या टेबलावर जन्म घालवला त्याचं सांगते. अर्ज कुठंही द्या, दोन प्रती करा. एक त्यांना, दुसरीवर पोच. पोच म्हणजे शिक्का, सही, तारीख आणि आवक क्रमांक. ‘ठेवून जा, बघतो’ म्हणाले तर ठेवून येऊ नका, आवक-जावकचं टेबल कुठंय विचारा. साहेब मीटिंगला गेले असले तरी ते टेबल चालू असतं. किल्लारीचा भूकंप झाला, 1993 च्या सप्टेंबरात, तेव्हा मला नोकरीला दोन वर्षं झाली होती. त्या गर्दीत एक म्हातारी पदराच्या गाठीतून चिठ्ठी काढायची. तिच्यावर माझ्याच हातचा आवक क्रमांक होता. इतर लोक गयावया करायचे, ती नुसती चिठ्ठी पुढं धरायची आणि आम्हाला तिचा कागद शोधावाच लागायचा. पोच असली तर पुढं माहितीच्या अधिकारात 10 रुपयांत ‘या क्रमांकाच्या अर्जाचं काय झालं’ असं विचारता येतं आणि 30 दिवसांत उत्तर द्यावं लागतं. जिल्हाधिकारी कार्यालयात महिन्याच्या पहिल्या सोमवारी लोकशाही दिन असतो, तिथंही क्रमांक दाखवूनच बोलता येतं.

उत्पन्नाचा दाखला सगळीकडे लागणार, तो सेतूत आजच टाका. दुपारी मेसचं काम आटोपलं की बालविकासचं कार्यालय, दुसऱ्या दिवशी समाज कल्याण. मुलीला एकदा तरी बरोबर न्या. ती इंग्रजी फॉर्म वाचेल, आणि आपल्यासाठी आई कुठल्या कुठल्या टेबलांपुढं उभी राहते हे तिला दिसेल. गावाकडं परत जायचं ती म्हणते ते तुमच्याकडं बघून म्हणते, शिक्षण नको म्हणून नव्हे. पोच मिळाली की मला कळवा, दोन ओळी लिहिल्या तरी चालतील.

प्रश्न : आम्ही बीडला नदीकाठच्या वस्तीत भाड्यानं राहतो. पुराचं पाणी घरात शिरलं, धान्य, कपडे, भांडी गेली. तलाठी आले तर म्हणाले घर मालकाच्या नावावर आहे, पंचनामा त्यांचाच होणार. भाडेकरूला काहीच नाही का?
– एक वाचक, बीड

उत्तर : आहे. भिंत पडली, पत्रे उडाले याची मदत घराच्या मालकाला जाते, ते बरोबर आहे. पण घरात पाणी शिरून कपडे आणि भांडीकुंडी गेल्याचं सानुग्रह अनुदान तिथं राहणाऱ्या कुटुंबाचं असतं. तुमच्या नुकसानीचा वेगळा पंचनामा करा असा अर्ज तहसीलदारांच्या नावे आजच द्या. रेशनकार्ड, आधार, लाइटबिल भरल्याची नोंद, भाड्याची पावती यांतलं जे वाचलं असेल ते जोडा. कागदच वाहून गेले असतील तर शेजारच्या दोन घरांची नावं आणि सह्या घ्या, आणि घरमालकाकडून ‘हे कुटुंब अमुक महिन्यापासून माझ्या खोलीत राहते’ असं लिहून आणा. भिंतीवर पाणी चढल्याची ओल अजून दिसत असेल तर रंग देण्याआधी फोटो काढा, फोटोत घरातलं कुणीतरी उभं राहू द्या म्हणजे पाणी किती वर होतं ते कळेल. आणि पोच घ्या.