झालेलं पुसू नकोस

प्रिय मुली,

तुझी कथा वाचली, सोबतचं पत्रही वाचलं. ‘त्या खोलीत काळ का अडखळतो, हे पटेल असं कारण सुचत नाही, म्हणून कथा पुरी झाली असं म्हणवत नाही,’ असं तू म्हणतेस. महिनाभर त्या कारणापायी अडून बसलीस, याचा मला रागच आला. कारण कथा बिघडलीय ती शेवटाशी. नायक घड्याळाची किल्ली फिरवतो आणि चाळीतलं सगळं पहिल्यासारखं होतं! पहिल्यासारखं कसं होईल गं?

लालबागच्या चाळीतली ती खोली मला फार आवडली. आत क्षणभर, बाहेर ३९ मिनिटं. आकडा मुंबईच्या जुन्या वेळेवरून घेतलास, तेही उत्तम. पण मग त्या वेळेचं पुढे काय झालं, तेही घ्यायचं होतंस. मुंबईची स्थानिक वेळ ग्रिनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे होती, प्रमाणवेळ साडेपाच तास पुढे. रेखांशाच्या एका अंशाला चार मिनिटं, या हिशेबानं प्रमाणवेळेच्या ८२.५ अंश रेखांशावर माथ्यावर आलेला सूर्य मुंबईच्या माथ्यावर यायला ३९ मिनिटं लागतात. कारण एवढंच, दोन ओळींत संपलं.

परिणाम मात्र संपले नाहीत. १८८१ मध्ये गव्हर्नर जेम्स फर्ग्युसननं शहरावर मद्रास वेळ लादून पाहिली, ती दोन वर्षांत मागे घ्यावी लागली. १९०६ मध्ये प्रमाणवेळ आली तेव्हा गिरणी कामगार खवळले, कारण घड्याळ पुढे सरकलं की माणसाला आणखी अंधारात उठावं लागणार. रेल्वे नव्या वेळेवर गेली, महापालिका जुनीच वेळ धरून बसली. कोणी वेळ सांगितली की ‘कुठली?’ असं विचारायची पाळी. स्वातंत्र्यानंतरही काही वर्षं हे चाललं, आणि पारशांच्या काही अग्याऱ्यांत आजही मुंबई वेळ पाळतात. सरकारी कागदावरचा फरक मिटला तरी माणसांच्या वागण्यातला उरला. झालेलं पुसलं जात नाही.

आता तुझ्याच कथेकडे बघ. तुझी आजी रोज त्या खोलीत लोणच्याची बरणी आणायला जाते. तू ते एका ओळीत उरकलंयस आणि कारण शोधत कृष्णविवरावर तीन पानं लिहिलीस! अगं, रोजची ३९ मिनिटं म्हणजे वर्षाला जवळजवळ दहा दिवस. चाळीस वर्षांत तेरा महिने. तिच्या पाठची बहीण तिच्याहून वर्षानं लहान आहे, हे तूच लिहिलंयस. म्हणजे चाळीस वर्षांनी धाकटी अंगानं थोरली झाली. मग वाकून नमस्कार कोणी कोणाला करायचा? घरात मोठेपणाचा शब्द कोणाचा चालणार? गुडघे आधी धाकटीचे दुखायला लागतील, आणि ती ताईकडे बघून मनात काय म्हणेल? हे लिही. तुझ्या हातात एवढं असताना तू विवरात काय शोधतेस?

आणि तो शेजारचा बदली कामगार, कोणी गैरहजर असेल तरच गिरणीत काम मिळणारा. पहाटे विडीकाडी शोधायला आत डोकावला, बाहेर आला तेव्हा भोंगा होऊन गेलेला, गिरणीचं फाटक बंद. खाडा पडला. असे चार खाडे पडल्यावर त्याला कोण कामावर उभं करणार? त्याची बायको वाण्याला काय सांगणार? तुझा नायक किल्ली फिरवतो तेव्हा त्या बाईची उधारी फिटते का? नाही फिटत. मग पुसू नकोस.

मी हे इतकं ताणून सांगतेय, कारण याच हट्टापायी मी बरंच सोसलंय. माझ्या एका कथेत कोयनाकाठच्या गावातून एक रात्र गळून जाते. सकाळी काळ सुरळीत, पण त्या रात्री जन्मलेल्या मुलीला तारीखच नाही. शाळेत नाव घालताना नाही, रेशनकार्डावर नाही, पत्रिका जुळवतानाही नाही. एका दिवाळी अंकाच्या संपादकांना कथा आवडली, फक्त ‘शेवटी तिला तारीख मिळू द्या, सणासुदीचा अंक आहे’ असं म्हणाले. मी कथा परत घेतली. ती पुढे एका छोट्या अंकात आली, फारशी कोणी वाचली नाही. त्या गृहस्थांचं आणि माझं बोलणं कायमचं थांबलं, त्याची रुखरुख अजून आहे. फार जाणता माणूस होता. पण शेवटाची रुखरुख नाही. लोक मला हेकट म्हणाले. त्यांना काय, तारीख देऊन मोकळं व्हायचं होतं. त्या मुलीनं चाळीस वर्षं प्रत्येक खिडकीवर ‘माहीत नाही’ असं सांगितलं होतं, ते मी कसं काढून घेणार होते? आजही कोणी मागितलं तरी बदलणार नाही.

तू माझ्यासारखंच भांडावंस असं नाही. तुझा स्वभाव मऊ आहे, तो तसाच राहू दे. आजीची ती बरणी तुला दिसली ती त्या मऊपणामुळेच. पण कथेच्या बाबतीत माझं ऐक. घड्याळ दुरुस्त करायचं तर खुशाल कर. चाळीतले लोक सुटकेचा श्वास टाकू देत. मात्र दुसऱ्या दिवशी दोघी बहिणी जेवायला बसल्या की आधी पान कोणाचं वाढायचं, तिथे सुनेचा हात अडला पाहिजे.

विवराची तीन पानं काढून टाक. कारण दोन ओळींत सांग, सांगितलं नाहीस तरी चालेल. बहिणींचा भाग मात्र नव्याने लिही, घाई न करता. महिनाअखेरीस मी पुण्याला येतेय, तेव्हा तेवढाच भाग वाचून दाखव.

तुझी,
मावशी