कॅमेरा लपवलेला नव्हता

प्रश्न : ताई, ब्रिटिश दिग्दर्शक केन लोच यांचा 'आय, डॅनियल ब्लेक' पाहिला. फूड बँकेत (गरजूंना फुकट अन्न देतात तिथे) एक भुकेली बाई टिनचा डबा फोडून उभ्याउभ्या हातानं खाते, तिथे पॉज करून मी गॅलरीत जाऊन आलो. अभिनय वाटतच नाही. हे लोक कॅमेरा लपवतात का? आणि वडिलांना त्यांचा कुठला सिनेमा दाखवू? ३० वर्षं सूतगिरणीत होते, इंग्रजी येत नाही.
— एक वाचक, इचलकरंजी

उत्तर : कॅमेरा लपवत नाहीत, लांब कोपऱ्यात उभा करतात. खरी गंमत शूटिंगच्या क्रमात आहे. मी ११ वर्षं मालिकांच्या सेटवर कंटिन्युइटी सांभाळली, म्हणजे आधीचा आणि पुढचा शॉट जुळतोय ना, हे बघायचं काम. आमच्याकडे सकाळी एखाद्याचं तेरावं आणि दुपारी त्याचाच साखरपुडा, कारण बंगल्याचं भाडं दिवसावर! लोच गोष्ट जशी घडते त्याच क्रमानं शूट करतात आणि नटांना स्क्रिप्ट थोडी थोडी देतात. पुढे काय वाढून ठेवलंय हे पात्राइतकंच नटालाही ठाऊक नसतं.

माणसंही तशीच निवडतात. डॅनियल झालेले डेव्ह जॉन्स हे मुळात स्टँडअप कॉमेडी करणारे. फूड बँक इंग्लंडमधल्या न्यूकॅसलची, खरी, मदत करणारे तिथलेच स्वयंसेवक. सुतारकाम केलेल्या डॅनियलला 'माउस स्क्रीनवर वर न्या' म्हटल्यावर तो माउसच उचलून स्क्रीनला लावतो, आठवतंय? मी हसले आणि लगेच माझी मलाच लाज वाटली. बँकेत वडिलांचे फॉर्म मीच भरायचे.

वडिलांना १९६९चा 'केस' दाखवा. (डोक्यावरचे नव्हेत. केस्ट्रेल या शिकारी पक्ष्याचं ते लाडाचं नाव.) बार्न्सली या कोळसा खाणींच्या गावातला बिली पक्षी पाळतो, त्याला शिकवतो. बिली झालेला डेव्हिड ब्रॅडली त्याच गावचा शाळकरी पोरगा. भाषेची काळजी नको. तिथली बोली मलाही निम्मी कळली नव्हती, आणि मी इंग्रजी घेऊन बीए केलंय. माळरानावर बिली पक्ष्याला हातावर बोलावतो, तिथे बोलणं फारसं लागतच नाही.

एक मात्र सांगून ठेवते. हेडमास्तरांच्या खोलीत मुलांच्या हातावर छडी बसते, ती खरीच मारली होती. त्यातल्या सगळ्यांत लहान पोराचे डोळे बघा. लोच मला आवडतात, पण हे मला पटलेलं नाही. खऱ्यासाठी पोरांना खरं मारायचं? मग नट कशाला?

फुटबॉलच्या तासाला तुम्ही भाषांतर करू नका. सर स्वतःच खेळतात, स्वतःच रेफ्री, आणि स्वतःला बॉबी चार्ल्टन (इंग्लंडचा नावाजलेला फुटबॉलपटू) समजतात. गिरणीत ३० वर्षं काढलेला माणूस असला साहेब लगेच ओळखेल.