विचारा ना ताई : मायरा म्हणजे नक्की काय?

प्रश्न : ताई, मला मुलगी झालीय, अजून महिना पण झाला नाही. आम्ही दोघांनी मिळून नाव ठरवलंय, मायरा. पण सासूबाई अडून बसल्यात, हे नाव कुठल्या देवीचं नाही, कुठल्या पोथीत नाही, आधी अर्थ सांगा मगच पाळण्यात घालू म्हणतात. नवऱ्याने मोबाइलवर शोधलं तर एकीकडे 'प्रिय', दुसरीकडे 'लक्ष्मी', तिसरीकडे 'कौतुक करावी अशी' असं काहीही लिहिलंय. नणंद म्हणते त्यापेक्षा सरळ मैथिली ठेवा. खरा अर्थ काय आहे आणि ठेवावं का हे नाव? (एक नवी आई, चिंचवड)

उत्तर : आधी तुझं आणि घरातल्या सगळ्यांचं मनापासून अभिनंदन! आता सरळ सांगते, मायरा हा शब्द संस्कृतात नाही. 'लक्ष्मी' हा अर्थ कुठून आला असेल ते मात्र कळतं. संस्कृतात 'मा' म्हणजे लक्ष्मी, म्हणून तर माधव, मा म्हणजे लक्ष्मी आणि धव म्हणजे नवरा. आणि 'इरा' हा पण जुना शब्द आहे, पाणी, पृथ्वी, वाणी असे त्याचे अर्थ आहेत. कुणीतरी हे दोन जोडले आणि अर्थ लावून मोकळं झालं. पण मा आणि इरा जोडलं की शाळेत शिकलेल्या संधीप्रमाणे 'मेरा' होतं, रमा आणि ईश मिळून रमेश होतं ना तसंच, आणि माया अधिक इरा केलं तर 'मायेरा' होईल. मायरा कशानेच होत नाही. त्यामुळे लक्ष्मी वगैरे सासूबाईंना सांगू नकोस, त्यांना संधी येत असेल तर तिथल्या तिथे पकडतील.

मग 'कौतुक करावी अशी' हे काय? तर त्याला जरा आधार आहे. इंग्लंडमध्ये फुल्क ग्रेव्हिल नावाचा कवी होऊन गेला, १५५४ ते १६२८ हा त्याचा काळ, म्हणजे इकडे शिवाजी महाराजांचा जन्म व्हायचा होता तेव्हा. त्याने आपल्या प्रेमकवितांमधल्या स्त्रीला मायरा हे नाव दिलं, आणि त्या कविता तो गेल्यावर १६३३ मध्ये छापल्या गेल्या. हे नाव त्यानेच घडवलं असं मानतात. कशावरून घडवलं याबद्दल तर्क आहेत, कुणी म्हणतं मेरी नावाची अक्षरं फिरवली, कुणी म्हणतं लॅटिनमधल्या 'मिरा' वरून, म्हणजे अद्भुत, नवल वाटावं अशी. साइटवर 'कौतुकास्पद' लिहितात ते ह्या दुसऱ्या तर्कावरून. म्हणजे बघ, हे नाव आजच्या पिढीने मोबाइल बघून काढलं असं सासूबाईंना वाटत असेल तर ते तसं नाहीये, बनवलेलंच आहे पण बनवून चारशेहून जास्त वर्षं झाली. तुर्कस्तानात दक्षिण किनाऱ्यावर मायरा नावाचं एक प्राचीन शहर पण होतं, आज त्याला डेमरे म्हणतात, डोंगरात कोरलेली थडगी बघायला लोक जातात. नाताळच्या सांताक्लॉजची गोष्ट ज्यांच्यावरून आली ते सेंट निकोलस तिथलेच बिशप. पण त्या शहराचा आपल्या मायराशी काही संबंध लावायची गरज नाही, नुसतं ऐकायला सारखं आहे.

आता मला ह्या सगळ्यात जास्त आवडलेली गोष्ट सांगते, आणि ती सासूबाईंना नक्की सांग. राजस्थानात 'मायरा' हा जुना, घरातला शब्द आहे. बहिणीच्या मुलाचं किंवा मुलीचं लग्न असलं की भाऊ माहेराहून आहेर घेऊन येतो, बहिणीसाठी चुनरी, सगळ्यांना कपडे, दागिने, ऐपतीप्रमाणे रोख, त्याला 'मायरा भरणं' म्हणतात. नरसी मेहतांची कथा तिकडे सप्ताहासारखी बसून ऐकतात. मुलीच्या घरी, नानीबाईकडे कार्य निघालं आणि ह्या भक्ताकडे द्यायला फुटकी कवडी नाही, सासरची माणसं टोमणे मारतायत, आणि मग साक्षात कृष्ण सामानाने भरलेल्या गाड्या घेऊन मायरा भरायला येतो. गुजरातेत हीच कथा कुंवरबाईचं मामेरुं म्हणून सांगतात. तुमचं नाव ह्या शब्दावरून आलंय असं मी म्हणत नाही, तुम्ही ठेवताय ते नाव वेगळ्या वाटेने आलंय. पण आपल्या देशातल्या लाखो बायकांच्या कानाला मायरा म्हटलं की माहेरचा माणूस दारात उभा राहिल्यासारखं वाटतं, आणि एका मुलीच्या नावातून असं काही ऐकू येणं मला तरी फार छान वाटतं.

आणि तू विचारलं नाहीस तरी हे नाव एवढं आवडतं का ते पण बोलूया, कारण माझ्या मते खरं उत्तर तिथेच आहे. मोठ्याने म्हणून बघ, माय-रा. आपल्या मराठी कानाला आधी 'माय' ऐकू येतं, मागून 'माया' येते, अर्थ विचारायच्या आधीच ओळख पटल्यासारखं होतं. म तर बाळाच्या तोंडून सगळ्यात आधी येणाऱ्या अक्षरांपैकी, र मात्र मुलांना उशिरा जमतो, त्यामुळे तुझी लेक दोन वर्षांची होऊन स्वतःचं नाव सांगायला लागेल तेव्हा बहुतेक 'मायला' नाहीतर 'माया' म्हणेल, आणि घरात तेच लाडाचं नाव पडेल बघ. शेवटी 'आ' आहे त्यामुळे मुलीचं नाव म्हणून लगेच कळतं, ळ नाही, ण नाही, ज्ञ नाही, जोडाक्षर नाही. मृण्मयी, ज्ञानदा, वृषाली ही किती देखणी नावं आहेत, पण ह्या नावाच्या मुली बंगळुरूला किंवा न्यू जर्सीला गेल्या की दर वेळी नाव फोड करून सांगावं लागतं आणि शेवटी कंटाळून त्या 'मृ' नाहीतर 'व्ही' होतात. तिथल्या शिक्षिकेला मायरा पहिल्या झटक्यात म्हणता येतं. आजच्या आईवडलांच्या मनात ही गोष्ट असते, मुलगी कुठे जाईल सांगता येत नाही, नाव तिच्याबरोबर अख्खं जावं. यात मला काही चुकीचं वाटत नाही. शिवाय मायरा नावाची छोटी बालकलाकार मराठी मालिकेतून घराघरात पोचली, त्यामुळे आजी लोकांना पण हे नाव आता परकं राहिलं नाही.

सासूबाईंना अजून एक विचार, तुमच्या नात्यात कुणी मिलिंद आहे का? बहुतेक असेलच. बौद्ध ग्रंथातला मिलिंद म्हणजे मिनँडर, ग्रीक राजा, नागसेन भिक्खूंना प्रश्न विचारणारा. संस्कृतात मिलिंद म्हणजे भुंगा असा अर्थ पण आहे, पण राजाचं नाव ग्रीकच. बाबासाहेबांनी १९५० साली औरंगाबादला, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरला, कॉलेज काढलं त्यालाही पुढे मिलिंद महाविद्यालय हेच नाव मिळालं. आज ते नाव इतकं आपलं झालंय की कुणी अर्थ विचारत नाही. नावं अशीच येतात, रुळतात आणि आपली होतात.

तर माझं मत, ठेव मायरा. फक्त दोन गोष्टी बघ. एक, ह्या नावाच्या भरपूर मुली आहेत, बालवाडीत अजून एक मायरा भेटू शकते, ते चालणार असेल तरच ठेव. समायरा, आयरा, कायरा अशी यमक जुळणारी नावं पण आजूबाजूला खूप झालीत, हाक मारली की तिघी वळतील. आणि दुसरं, लेक मोठी होऊन विचारेल तेव्हा साइटवरचा अर्थ सांगू नकोस, तुम्ही दोघं हे नाव कधी कसं बोललात, पहिल्यांदा कुणी म्हटलं, हॉस्पिटलमध्ये तिला हातात घेतल्यावर ते तिला शोभलं का, हे सांग. नणंदेच्या मैथिलीचं काय, तर तेही वाया घालवू नका. बारशाला पाळण्यात आपण कुठे एकच नाव ठेवतो, नावरस नाव असतं, कुलदेवीचं असतं, मग आत्याने बाळाच्या कानात मैथिली म्हणावं आणि कागदावर मायरा लावावं. आत्याचा मान आहे तो, तिला तो मिळायलाच हवा, आणि सासूबाईंनाही त्यात देवीचं नाव मिळेल.

प्रश्न : माझ्या मुलाने नातीचं नाव तनिशी ठेवलं आहे. सून तन्वी, मुलगा शिरीष, दोघांच्या नावातली अक्षरं जोडली म्हणे. आमच्या वेळी नावाला अर्थ असायचा, संस्कार असायचा. बिनअर्थाचं नाव घेऊन पोरीने जगायचं का? (एक आजोबा, कराड)

उत्तर : आजोबा, नमस्कार. तुमची तळमळ कळते, नातीला चांगलं काहीतरी मिळावं एवढंच तुम्हाला वाटतंय. पण तनिशी बिनअर्थाचं कसं? त्यात तिची आई आहे आणि तिचा बाप आहे, दोघं सारखे आहेत. जुन्या पद्धतीत मुलीच्या नावापुढे बापाचं नाव यायचं, आईचं कुठेच यायचं नाही. तुमच्या नातीच्या नावात आई पहिली येते, मला तर हे फार आवडलं.

आणि अक्षरं जोडून नाव बनवणं इतकं उपरं पण नाही हो. तनिष्क हे दागिन्यांचं नाव आता गावोगाव माहितीय, नव्वदच्या दशकात टायटनच्या झर्क्सिस देसाईंनी ते 'निष्क' ह्या जुन्या संस्कृत शब्दापुढे 'त' जोडून केलं, निष्क म्हणजे सोन्याचं नाणं किंवा गळ्यातला दागिना. आज तनिष्का नावाच्या मुली शाळेशाळेत आहेत आणि लोक त्यांना 'सोन्याची देवी' असा अर्थ सांगतात. मुली छान वाढतायत, नावामुळे काही अडलं नाही.

आता एक गोष्ट तुम्हाला आठवण करून देते, तुमच्याच जिल्ह्यातली आहे. २०११ च्या ऑक्टोबरमध्ये साताऱ्यात कार्यक्रम झाला होता, 'नकुशी' नाव असलेल्या दोनशे ऐंशीहून जास्त मुलींनी आपली नावं बदलून घेतली. मुलीवर मुलगी झाली, अजून एक नको होती, म्हणून नकुशी, नकोशी. ह्या नावाला अर्थ होता ना आजोबा, अगदी स्पष्ट होता, कोशात बघायची गरज नव्हती, वर्गात हजेरी घेताना रोज अख्ख्या वर्गाला कळायचा. ठेवणाऱ्यांनी प्रथा म्हणून ठेवलं असेल, पण पोरीने तो अर्थ रोज अंगावर घेतला. त्या दिवशी त्यांना नवीन नावं आणि दाखले मिळाले, कुणी ऐश्वर्या झाली, कुणी सावित्री, कुणी वैशाली. एकीला नटीचं आवडलं, एकीला देवीचं, त्यात कुणी कुणाला अडवलं नाही. मला त्या यादीतली ऐश्वर्या आणि सावित्री दोन्ही सारख्याच मोलाच्या वाटतात, कारण दोघींनी स्वतःला हवं ते नाव घेतलं.

म्हणून नाव पारखायचं असेल तर मी आधी एवढंच बघते की ते ठेवताना घरच्यांना ही मुलगी हवी होती का. तनिशी हे नाव रात्र रात्र बसून, अक्षरं फिरवून फिरवून केलेलं दिसतंय, एवढा वेळ नको असलेल्या मुलीसाठी कुणी घालवत नाही. तुम्हाला हाक मारायला जड जात असेल तर 'तनू' म्हणा, आजोबांची हाक वेगळी असलेली नातवंडांना आवडते. आणि संस्कारांचं म्हणाल तर ते तिच्याशी बोलून, गोष्टी सांगून, शेतावर नेऊन तुम्हीच द्यायचेत, ते नावावर सोपवू नका.

प्रश्न : नावावरून घरात एकमत होत नाहीये आणि हॉस्पिटलवाले म्हणतात जन्माच्या दाखल्यासाठी नाव लवकर द्या. घाईत ठेवावं का? (एक बाबा, नांदेड)

उत्तर : अजिबात घाई करू नका. २१ दिवसांत जन्माची नोंदणी व्हायला हवी हे खरं, पण नोंदणी बाळाच्या नावाशिवाय पण होते. नोंदणी झाल्यापासून १२ महिन्यांत नाव घातलं तर त्याची फी नाही, त्यानंतर १५ वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून घालता येतं. फार लांबवू मात्र नका, कारण १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्या मुलांना शाळेपासून पासपोर्टपर्यंत सगळीकडे जन्मदाखलाच पुरावा म्हणून लागणार आहे. एकदा घातलेलं नाव बदलायला मग गॅझेट वगैरे करत बसावं लागतं, म्हणून महिना दोन महिने गेले तरी चालतील पण ठरवून घाला.

आणि महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर बाळाचं नाव, मग आईचं, मग वडलांचं, मग आडनाव असा क्रम आहे, तेव्हा चारही शब्द एकत्र मोठ्याने म्हणून बघा, नुसतं पहिलं नाव गोड वाटून उपयोग नाही. स्पेलिंगकडे तर नीट लक्ष द्या. वरच्या चिंचवडच्या ताईंचंच बघा, मायरा हे एम-वाय-आर-ए लिहिलं तर कुणी मिरा वाचतं, एम-ए-आय-आर-ए लिहिलं तर मैरा वाचतात. मराठी आणि इंग्रजी दोन्ही एका कागदावर स्वच्छ लिहून न्या, खिडकीवर तोंडी सांगू नका, आणि दाखला हातात आला की तिथेच उभं राहून प्रत्येक अक्षर वाचून घ्या. आईच्या नावाचं स्पेलिंग तिच्या आधारवर आहे तसंच आलंय का ते पण बघा, बहुतेक घोळ तिथेच होतात.