मोटरहोमच्या दाराबाहेरचा दिवा स्वतः काढून नवीन कसा बसवायचा?

तुमच्या फायबर बॉडीच्या मोटरहोमच्या दारावरचा दिवा पाणी शिरून बंद पडलाय, स्क्रू काढले तरी तो भिंतीला चिकटूनच बसलाय, आणि गॅरेजवाले म्हणतात, "काढायला कशाला हवा, वरून सिलिकॉन मारून देतो." आपण स्वतः करू शकतो का, असं तुम्ही विचारलंय. नक्की करू शकता. सुट्टीचा एक दिवस काढा. आणि काहीही झालं तरी वरून सिलिकॉन मारू देऊ नका.

मी इंदूरचा. पीथमपूरला बसच्या वायरिंगवर बावीस वर्षं काम केलं. आम्ही दोघा भावांनी एक जुनी ट्रॅव्हलर व्हॅन घेतली आणि एका वर्कशॉपमधून आत पलंग, ओटा, कपाटं करून घेतली. दारावर बाहेर एक दिवा होता. पहिल्याच पावसाळ्यात त्याच्या काचेत पाणी साचलं, तेव्हा त्याच वर्कशॉपने वरून चारी बाजूंनी सिलिकॉन फिरवून दिलं. दिवा पुन्हा लागला, आम्हीही विसरलो. पुढच्या श्रावणात मांडवला, म्हणजे मांडूला गेलो होतो. तिथला पाऊस तुम्हाला माहीत असेलच, एकदा धरला की दोन दिवस सोडत नाही. दुसऱ्या दिवशी आई म्हणाली, "अरे, माझ्या पायथ्याला ओलं कसं लागतंय?" पलंग दारापासून चांगला पाच फूट लांब. छत तपासलं, खिडकी तपासली, काही सापडेना. घरी आल्यावर दारावरचा दिवा काढला, तर मागचं प्लाय बोटाने दाबताच भिजवलेल्या पोह्यांसारखं सुटून हातात आलं. पाणी दिव्याच्या मागून भिंतीत उतरायचं आणि आतल्या पट्टीवरून वाहत जाऊन पलंगाशी बाहेर पडायचं. सिलिकॉनने ते बाहेरून आत येणं थांबलं नव्हतं, उलट आत गेलेलं बाहेर निघायची वाट बंद झाली होती.

विजेचं मला सगळं कळत होतं, पण पाण्याकडे मी लक्ष दिलं नाही, आणि अर्धी भिंत उघडायला लागली. म्हणून सांगतो, दिवा बदलण्यात विजेचं काम पंधरा मिनिटांचं आहे. उरलेला दिवस भिंतीला पडलेलं ते भोक नीट बुजवण्यात घालवायचा.

सुरुवात वीज बंद करण्यापासून. मोटरहोममध्ये वीज तीन ठिकाणांहून येते: आतली घरगुती बॅटरी, सोलर, आणि बाहेरून लावलेली २३० व्होल्टची केबल. केबल आधी काढून ठेवा, इन्व्हर्टर बंद करा. सोलर असेल तर आधी पॅनेलकडचा स्विच बंद करायचा आणि मगच बॅटरी सोडायची. उलटं केलं तर चार्ज कंट्रोलर, म्हणजे पॅनेलची वीज बॅटरीला बेतानं देणारा डबा, बिघडू शकतो. बॅटरीची निगेटिव्ह आधी सोडा, म्हणजे पाना बॉडीला लागला तरी ठिणगी उडणार नाही. हातातली अंगठी, कडं काढून ठेवा. बारा व्होल्टचा शॉक बसत नाही, पण अशी बॅटरी शॉर्ट झाली की क्षणात शेकडो अँपिअर देते आणि धातू लालबुंद होतो.

घरातला पेनसारखा निऑन टेस्टर इथे वापरू नका. तो १२ व्होल्टवर पेटतच नाही. वीज चालू असतानाही तो "बंद" दाखवेल आणि तुम्ही वायरी एकमेकींना लावाल. साधा मल्टिमीटर घ्या. शिवाय काही वर्कशॉपवाले बाहेरचा दिवा म्हणून घरगुती २३० व्होल्टचा बल्बच इन्व्हर्टरवर देऊन टाकतात. दिव्यावर किंवा बल्बवर काय छापलंय ते आधी वाचा. २३० असेल तर मात्र वायरमनला बोलवा, त्या भानगडीत स्वतः पडू नका.

आता चिकटलेला दिवा. काच आणि स्क्रू काढल्यावर तो ज्याने धरून राहतो ते जुनं सीलंट असतं. स्क्रूड्रायव्हर घालून उचकटायचा मोह होतो, तो आवरा. फायबरला तडा जातो, पत्र्याची बॉडी असेल तर पोचा येतो, आणि दोन्ही जागी पाण्याला नवीन रस्ता मिळतो. धारदार कटर दिव्याच्या बाजूला टेकवून, भिंतीच्या नव्हे, कडेने सीलंट कापत या. कटर सटकला तर ओरखडा त्या निकामी दिव्यावर पडू द्या. मग केस वाळवायचा ड्रायर दोन-तीन मिनिटं फिरवा, सीलंट मऊ पडतं. पेंट काढायची हीट गन नको, ती फायबरचा वरचा थर जाळते. आता मासे पकडायच्या गळाची नायलॉन दोरी हातभर घ्या, वरच्या कडेमागे घाला आणि दोन्ही टोकं धरून करवतीसारखी डावी-उजवीकडे ओढत खाली आणा. मागच्या वायरींपाशी आलात की थांबा आणि उरलेलं जुन्या एटीएम कार्डाने सोडवा. माझा दिवा वीस मिनिटांनी 'चर्र' आवाज करत सुटला. खाली कोणाला तरी हात लावून उभं करा, नाहीतर दिवा वायरींना लोंबकळतो.

सुटल्याबरोबर वायरींना एक जाड दोरा बांधून त्याचं टोक बाहेर टेपने चिकटवा. वायर भिंतीत सटकून गेली तर ती परत काढायला आतलं पॅनेल खोलावं लागतं, आणि त्यात दुसरा दिवस जातो.

यानंतर एक तपासणी फार कमी लोक करतात. दिवा खरंच गेलाय का? बॅटरी पुन्हा जोडून वायरींच्या टोकांवर मल्टिमीटर लावला की भरलेली बॅटरी साधारण १२.६ व्होल्ट दाखवते. पण जोड गंजलेला असला तरी मल्टिमीटर तेवढेच व्होल्ट दाखवतो, कारण तो स्वतः वीज जवळजवळ ओढतच नाही. म्हणून इंडिकेटरचा जुना २१ वॉटचा बल्ब दोन वायरींवर टेकवून बघा. लख्ख पेटला तर लाइन ठीक आहे. मिणमिणला, तर दोष वाटेतल्या जोडात आहे, नवीन दिवा लावूनही तो तसाच राहील. जोड उघडलात तर तांब्यावर हिरवट गंज दिसेल. तेवढा तुकडा कापून चकचकीत तांबं दिसेपर्यंत मागे जा. याच वेळी प्लस वायर ओळखून तिला लाल टेप लावा. मल्टिमीटरची लाल पिन जिला लावल्यावर आकडा वजा चिन्हाशिवाय येतो, ती प्लस. वायरीच्या रंगावर विश्वास ठेवू नका, बॉडी करणारे हाताला येईल ती वायर ओढतात. साध्या बल्बला उलटसुलट चालतं, एलईडीला चालत नाही. मग बॅटरी पुन्हा सोडा.

आता भिंत बघा, आणि इथे घाई करू नका. भोकाच्या आत बोट फिरवा, चारी कडांना स्क्रूड्रायव्हरचं टोक टोचून बघा. टणक लागलं तर तुमचं नशीब चांगलं. टोक आत रुतलं तर कुजलेला भाग खरवडून काढायचा आणि वाळू द्यायचं. पंखा लावून, भोक उघडं ठेवून, चार-पाच दिवस कोरड्या हवेत. गाडी उघड्यावर असेल तर वरून ताडपत्रीची झुल सोडा, पण हवा खेळती राहू द्या. ओल्या लाकडात एपॉक्सी भरली तर कुजणं आत चालूच राहतं, दिसत मात्र नाही. नीट वाळल्यावर एपॉक्सी पुट्टीने जुनी स्क्रूची भोकं भरा आणि नवीन ठिकाणी बारीक ड्रिलने पायलट भोकं, म्हणजे स्क्रूला वाट दाखवणारी लहान भोकं, पाडा. माझ्यासारखी पत्र्याची बॉडी असेल तर कापलेल्या कडेला रेड ऑक्साइड प्रायमर लावायला विसरू नका, गंज तिथूनच सुरू होतो.

जुनं सिलिकॉन पूर्ण काढल्याशिवाय पुढे जाऊ नका, ही माझी कळकळीची विनंती. त्याचा बारीकसा थर राहिला तरी त्यावर काहीही नीट चिकटत नाही. ते सहजासहजी कशात विरघळत नाही, प्लॅस्टिकच्या पट्टीने खरवडूनच काढावं लागतं. शेवटी आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा. गंजलेल्या स्क्रूवर तेल मारलं असेल तर तेही यानेच निघेल.

नवीन दिवा घेताना जुना पिशवीत घालून न्या. आम्ही इंदूरच्या महाराणी रोडला जातो, स्क्रू आणि टेप तिथल्याच सियागंज बाजारातून घेतो. नवीन दिव्याची बैठक जुन्या भोकांना पूर्ण झाकणारी हवी. लहान पडत असेल तर मागे ३ मिलिमीटर जाड अॅक्रिलिकची पट्टी कापून घाला. डब्यावर आयपी ६७ लिहिलेलं बघा. पहिला ६ म्हणजे धूळ अजिबात आत जात नाही, नंतरचा ७ म्हणजे एक मीटर पाण्यात अर्धा तास राहिला तरी चालतो. आणि १० ते ३० व्होल्टवर चालणारा घ्या. गाडी चालू असताना अल्टरनेटर (इंजिनवर फिरून बॅटरी चार्ज करणारं यंत्र) १४ च्या वर व्होल्ट देतो, नुसत्या १२ व्होल्टच्या स्वस्त पट्ट्या त्यात वर्षभरही टिकत नाहीत. रंग पिवळसर, २७०० केल्व्हिनच्या आसपासचा. नर्मदेकाठी रात्री पांढरा दिवा लावला की ताटात किडे पडतात, पिवळ्यावर खूप कमी येतात. बॅटरीचाही फायदा बघा. जुना २१ वॉटचा बल्ब पावणेदोन अँपिअर खायचा, पाच तासांत जवळजवळ नऊ अँपिअर-तास. चार वॉटचा एलईडी तेवढ्याच वेळात दोनसुद्धा खात नाही.

जोडताना वायरी नुसत्या पिळून टेप गुंडाळू नका. क्रिम्प करायचा, म्हणजे पक्कडीने दाबून बसवायचा जोड आणि वर गरम केल्यावर आकसणारी नळी वापरा. भोकात रबरी ग्रोमेट, म्हणजे वायर कडेला घासू नये म्हणून असलेली रबरी कडी, घाला. वायरीला आत एक झोळ द्या, म्हणजे ती भोकापेक्षा खाली उतरून मग वर जायला हवी. पाणी वायरीवरून चालत येतं, झोळाच्या तळाशी येऊन ठिबकतं, जोडापर्यंत पोचत नाही.

बसवताना बैठकीच्या मागे ब्युटाइल टेप, म्हणजे चिकट रबरी सीलंटची पट्टी, लावा. ती कायम मऊ राहते, गाडी हादरली तरी भिंत सोडत नाही, आणि पुढे दिवा काढायची वेळ आली तर निमूट सुटते. बैठकीच्या कडेने एक पूर्ण फेरा आणि वायरीच्या भोकाभोवती दुसरा, टेपची टोकं एकमेकांवर चढवून. प्रत्येक स्क्रूच्या मानेलाही थोडी गुंडाळा. स्क्रू स्टेनलेसचेच घ्या. समोरासमोरचे थोडे थोडे आवळत जा, चारी बाजूंनी टेप एकसारखी बाहेर डोकावली की थांबा. दुसऱ्या दिवशी उन्हात टेप बसते, तेव्हा पुन्हा पाव फेरा द्या आणि बाहेर आलेली कापून टाका.

त्यावर पॉलीयुरेथेन सीलंटची बारीक रेघ, पण फक्त वरच्या आणि दोन्ही उभ्या कडांना. खालची कड मोकळी सोडा. गॅरेजवाले याला हमखास हरकत घेतात. पण उद्या कुठून थेंब आत गेलाच तर तो खालून बाहेर यायला हवा, प्लायमध्ये नव्हे. मांडवला आईच्या पायथ्याशी जे आलं ते या एका कडेमुळे आलं.

एक वेगळी गोष्ट, कारण तुम्ही "बाहेरचे बाकीचे दिवेही बदलीन" असं लिहिलंय. कोपऱ्यांवरचे मार्कर दिवे घरगुती बॅटरीवर नसतात, ते गाडीच्या बॅटरीवरून पार्किंगच्या स्विचबरोबर लागतात. त्यांचा फ्यूज ड्रायव्हरच्या बाजूला शोधा. काढायची-बसवायची रीत हीच, फक्त रंग बदलायचा नाही: पुढे पांढरा, मागे लाल. आणि दारावरचा दिवा गाडी चालवताना बंदच ठेवा.

चोवीस तासांनी बागेच्या पाइपने पाणी मारून बघा. आधी दिव्याच्या खाली, मग बाजूला, शेवटी वर, प्रत्येक ठिकाणी चार-पाच मिनिटं. कोणाला तरी आत प्लायवर तळवा टेकवून उभं करा. प्रेशर वॉशर नको, तो चांगलं सीलही फोडतो. मी काचेच्या आतल्या बाजूला मार्करने बसवल्याची तारीख लिहून ठेवतो आणि दरवर्षी मृग लागायच्या आधी काच उघडून कोरडं आहे ना ते बघतो. तुमचं प्लाय मऊ निघालं तर भोकाचा आणि आतल्या बाजूचा फोटो इथे टाका, किती कापावं लागेल ते बघून सांगतो.