आयरिश क्रिमिनल आणि टॉर्ट: फक्त इंग्लंडच्या नोट्सवर भागेल का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: पुण्यात एलएलबी झालंय, आता डब्लिनमध्ये क्रिमिनल आणि टॉर्ट (नुकसानभरपाईचे दिवाणी दावे) एकाच सत्रात आलेत, सीनियरने इंग्लंडच्या अभ्यासक्रमाच्या नोट्स दिल्यात, तेवढ्यावर भागेल का? नाही भागणार. पाया कॉमन लॉचाच (न्यायालयांच्या निवाड्यांतून घडलेला इंग्लिश कायदा), त्यामुळे वाचताना सगळं ओळखीचं वाटतं. पण प्रश्न बरेचदा निघतात ते आयर्लंडने इंग्लंडची वाट सोडली तिथेच. आणि गंमत म्हणजे त्यातल्या एकदोन ठिकाणी आपला जुना आयपीसी कामाला येतो.

चोरीच घ्या. इंग्लंडच्या १९६८ च्या कायद्यात मालकाला वस्तूपासून कायमचं वंचित करण्याचा हेतू लागतो. आयर्लंडच्या २००१ च्या थेफ्ट अँड फ्रॉड कायद्याच्या कलम ४ मध्ये तात्पुरतं वंचित करणंही पुरतं. रूममेटची सायकल न विचारता, लबाडीने, पण उद्या परत ठेवायची म्हणून नेली, तर इंग्लिश नोट्सवाला ‘कायमचा हेतू नाही, म्हणून चोरी नाही’ असं लिहून मोकळा होतो आणि मार्क घालवतो. तुम्हाला आयपीसीचं ३७८ आठवत असेल, तिथेही ‘कायमचं’ ही अट नव्हतीच.

खुनाच्या प्रकरणात जास्त वेळ घालवा. ॲटर्नी जनरल वि. ड्वायर (१९७२) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की स्वसंरक्षणात वाजवीपेक्षा जास्त बळ वापरलं, पण तेवढं लागेल असं आरोपीला प्रामाणिकपणे वाटत होतं, तर तो खून नाही, मॅनस्लॉटर (सदोष मनुष्यवध). इंग्लंडमध्ये हा बचाव लागला तर पूर्ण लागतो, नाहीतर नाहीच. आयपीसी ३०० चा दुसरा अपवाद डोळ्यांसमोर आणा. शब्द वेगळे आहेत, पण विचार बराच जवळचा.

प्रक्षोभाचं, म्हणजे चिथावल्यामुळे ताबा सुटला या बचावाचं, मात्र उलट झालंय. नानावटी खटल्यामुळे (१९६१) ‘त्याच सामाजिक थरातला समंजस माणूस’ हा निकष आपल्या डोक्यात पक्का बसलेला असतो. आयर्लंडमध्ये मॅकइऑन (१९७८) पासून निकष होता तो त्या विशिष्ट आरोपीचा, म्हणजे याचा स्वतःचा ताबा खरंच सुटला का, एवढाच. त्यावर वर्षानुवर्षं टीका झाली आणि शेवटी मॅकनमारा (२०२०) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने वस्तुनिष्ठ बाजूही आत आणली. तुमच्या नोट्स २०२० च्या आधीच्या असतील तर हे प्रकरण सरळ नव्याने काढा.

एक निवाडा मुळातून वाचाच: पीपल (डीपीपी) वि. मरे. १९७५ मध्ये डब्लिनमध्ये बँक लुटून पळणाऱ्या टोळीचा एका गार्डाने (आयरिश पोलिसाने) पाठलाग केला. त्याची ड्युटीची वेळ नव्हती, अंगावर साधे कपडे होते. टोळीतल्या मरी मरे या बाईने त्याला गोळी घातली. ड्युटी बजावणाऱ्या गार्डाचा खून म्हणजे तेव्हा ‘कॅपिटल मर्डर’, शिक्षा फाशी. सर्वोच्च न्यायालयाने विचारलं, की समोरचा गार्डा आहे हे आरोपीला माहीत होतं का, किंवा तो गार्डा असू शकतो हा धोका मनात येऊनही तिने झुगारला का? ते सिद्ध झाल्याशिवाय कॅपिटल मर्डर टिकत नाही. आयरिश कायद्यातली ‘रेकलेसनेस’ (धोक्याची पर्वा न करणं) व्यक्तिनिष्ठ आहे, त्याचं मूळ इथे. इंग्लंड मध्येच कॉल्डवेल निवाड्यातल्या वस्तुनिष्ठ निकषाच्या आडवाटेला जाऊन २००३ मध्ये परत आलं. तो सगळा इतिहास उत्तरात ओतू नका, एक ओळ पुरे.

दोन्ही विषय एकत्र असल्याने एक घोळ हमखास होतो. १९९७ च्या नॉन-फेटल ऑफेन्सेस कायद्याने फौजदारीतले जुने असॉल्ट (माराची भीती घालणं) आणि बॅटरी (प्रत्यक्ष अंगाला हात लावणं) रद्द करून कलम २ मध्ये एकच असॉल्ट ठेवला. टॉर्टमध्ये ते दोन्ही अजून वेगवेगळे आहेत. कॉलर धरली, तर क्रिमिनलच्या पेपरात असॉल्ट, टॉर्टच्या पेपरात बॅटरी.

टॉर्टमध्ये ड्यूटी ऑफ केअरसाठी (दुसऱ्याची काळजी घेण्याचं कर्तव्य) ग्लेनकार (२००१) हा निवाडा हवाच. वैद्यकीय हयगयीला नुसता बोलम हा इंग्लिश निवाडा लिहू नका, डन वि. नॅशनल मॅटर्निटी हॉस्पिटल (१९८९) मधली तत्त्वं पाठच करा. पाठांतराला मी एरवी नाक मुरडतो, इथे नाही. ऑक्युपायर्स लायबिलिटीसाठी (जागेवर येणाऱ्यांबद्दल जागा ताब्यात असणाऱ्याची जबाबदारी) १९९५ चा कायदा, त्यात येणाऱ्यांचे तीन वर्ग: व्हिजिटर, रिक्रिएशनल यूजर, ट्रेसपासर. वेअर-रॉजर्स (२००५) मध्ये डोनेगलच्या कड्यावर सूर्यास्त बघायला बसलेली बाई उठताना खाली पडली. हायकोर्टाने भरपाई दिली, सर्वोच्च न्यायालयाने ती काढून घेतली. कड्याच्या टोकाला बसणं धोक्याचं हे कुणालाही दिसतं, त्यासाठी मालकाने पाटी लावायची गरज नाही. या कायद्यात २०२३ मध्ये दुरुस्ती झाली, ती न चुकता जोडा.

मुदतही बघून ठेवा. व्यक्तिगत इजेच्या दाव्याला इंग्लंडमध्ये साधारण तीन वर्षं मिळतात, आयर्लंडमध्ये दोन. आणि वैद्यकीय हयगय वगळता बहुतेक असे दावे कोर्टाआधी इंज्युरीज रिझोल्यूशन बोर्डाकडे जातात. प्रॉब्लेम प्रश्नात अपघाताची तारीख दिली असेल तर ती उगाच दिलेली नसते.

पुढे सॉलिसिटर व्हायचं असेल तर लॉ सोसायटीच्या एफई-१ या प्रवेश परीक्षेच्या आठ पेपरांत हे दोन्ही विषय पुन्हा येतात, प्रत्येकात ५० टक्के लागतात. तेव्हा आत्ताच्या नोट्स फेकू नका. कायदे आयरिश स्टॅट्यूट बुकवर फुकट आहेत, पण तिथला मजकूर मूळ मंजूर झाला तसा असतो. दुरुस्त्यांसह वाचायचा असेल तर लॉ रिफॉर्म कमिशनच्या साइटवर ‘रिवाइज्ड ॲक्ट्स’ बघा. १९९५ चा कायदा तिथूनच घ्या.