अफरातफर करणाऱ्या कायम लिपिकाला संस्थेच्या ठरावाने थेट काढता येते का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: अनुदानित माध्यमिक शाळेतल्या कायम लिपिकाने फीच्या पावत्यांत अफरातफर केली, तशी लेखी कबुलीही दिली. मग कार्यकारिणीने ठराव करून त्याला उद्यापासून घरी बसवले तर चालेल का?

नाही चालणार. ठराव एकमताने झाला तरी नाही. महाराष्ट्रात खाजगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा 1977 चा अधिनियम आहे. त्याच्या कलम 4(6) प्रमाणे अधिनियम आणि नियमांत सांगितलेल्या रीतीखेरीज कोणालाही बडतर्फ करता येत नाही. लिपिक आणि शिपाई यांनाही हे शिक्षकांइतकेच लागू आहे. पुढची सगळी रीत 1981 च्या नियमावलीत, मुख्यतः नियम 33 ते 37 मध्ये आहे. ते तीन-चार वेळा वाचा. संस्था हरतात त्या बहुधा आरोप खोटा ठरला म्हणून नाही, या नियमांतली एखादी पायरी गाळली म्हणून.

कबुलीजबाब हा पुरावा आहे, चौकशीला पर्याय नव्हे. ‘दडपणाखाली लिहून घेतला’ असे तो पुढे म्हणू शकतो, आणि ते तपासायची जागा चौकशी समितीच. कोणी ‘राजीनामाच लिहून घ्या’ असा सल्ला देईल, तोही मानू नका. कलम 7 ने राजीनाम्याची पद्धत ठरवून दिली आहे: दोन प्रती, दोन्हींवर सही आणि तारीख, त्यातली एक नोंदणीकृत टपालाने संस्थेकडे. कार्यालयात बसवून घेतलेला कागद पुढे टिकवणे अवघड जाते.

सुरुवात निलंबनापासून होते, पण ते सक्तीचे नाही. रोकड आणि पावतीपुस्तके त्याच्या हाताखाली असतील तर मात्र करावे. आधी शिक्षणाधिकाऱ्यांची पूर्वपरवानगी घ्या. ती असेल तर पहिले चार महिने निर्वाह भत्ता (निलंबनकाळात पगाराऐवजी मिळणारी रक्कम) शासनाच्या वेतन योजनेतून मिळतो, नंतर संस्थेला द्यावा लागतो. परवानगी नसेल तर पहिल्या दिवसापासून संस्थेच्या खिशातून. हा भत्ता अडवून ठेवू नका. ज्याच्या घरात पैसा येत नाही तो स्वतःचा बचाव नीट करू शकत नाही, आणि न्यायालये ही गोष्ट फार गांभीर्याने घेतात.

मग आरोपांचे विवरण पोचपावतीसह नोंदणीकृत टपालाने पाठवा आणि सात दिवसांत लेखी खुलासा मागा. (नोंदणीकृत टपालाची वेगळी सेवा 2025 मध्ये स्पीड पोस्टात विलीन झाली. त्यामुळे नोंदणी आणि पोच दोन्ही मागून घ्या, पावत्या फाइलला लावा.) खुलासा आला नाही किंवा पटला नाही तर पंधरा दिवसांत तो व्यवस्थापनापुढे ठेवायचा, आणि चौकशी करायची की नाही हे व्यवस्थापनाने पुढच्या पंधरा दिवसांत ठरवायचे.

सगळ्यात जास्त चुका समिती नेमताना होतात. ती तिघांची असते. एक व्यवस्थापनाचा सदस्य, तोच निमंत्रक. दुसरा कर्मचाऱ्याने कोणत्याही खाजगी शाळेतल्या कर्मचाऱ्यांमधून निवडलेला. तिसरा राज्य किंवा राष्ट्रीय पुरस्कार मिळालेल्या शिक्षकांच्या यादीतला, ज्याची निवड संस्थेचा मुख्य कार्यकारी अधिकारी (व्यवस्थापनाचे निर्णय अंमलात आणणारा), म्हणजे बहुधा तुम्हीच कराल. जिल्हा परिषदेचा किंवा एखाद्या क्लबचा ‘आदर्श शिक्षक’ इथे चालत नाही. यादी शिक्षणाधिकारी कार्यालयातून घ्या. कर्मचाऱ्याला आपला माणूस सुचवायला पंधरा दिवस असतात आणि त्या माणसाची लेखी संमती जोडावी लागते. त्याने नाव दिलेच नाही तरच समिती दोघांची होते. मुदत संपण्याआधी घाईने दोघांची समिती बसवली तर पुढचे सगळे वाया. मुख्याध्यापकाची चौकशी असेल तर रचना वेगळी असते.

समिती झाल्यापासून सात दिवसांत दोषारोपपत्र द्या. ‘आर्थिक गैरव्यवहार केला’ असे मोघम लिहू नका. पावती क्रमांक, तारीख, विद्यार्थ्याकडून घेतलेली रक्कम, किर्दीत दाखवलेली रक्कम आणि फरक, असा प्रत्येक आरोप सुटा मांडा. जी कागदपत्रे समितीपुढे ठेवाल त्यांच्या प्रती त्याला मिळाल्याच पाहिजेत. साक्षीदारांची नावे दोन्ही बाजूंनी आधी कळवायची, आणि त्याला उलटतपासणी करू द्यायची. रोजच्या कामकाजावर संस्था आणि कर्मचारी अशा दोन्ही बाजूंच्या सह्या घ्या. तो सही नाकारत असेल तर तशी नोंद निमंत्रकाने करावी. ज्याने अफरातफर पकडली आणि जो साक्ष देणार आहे, त्याला समितीत बसवू नका; तक्रारदारानेच निवाडा केला असे होते.

शेवटी कामकाजाचा सारांश आणि जबाबांच्या प्रती त्याला पाठवून आणखी सात दिवस द्यायचे. ही पायरी फार जण विसरतात. त्यानंतर दहा दिवसांत समितीने निष्कर्ष आणि निर्णय द्यायचा. निर्णय समितीचा असतो, संस्थेने तो सात दिवसांत अंमलात आणायचा असतो. समितीने वेतनवाढ रोखायला सांगितली आणि तुम्ही बडतर्फ केले, असे जमणार नाही. तिघांचा अहवाल एकत्र हवा, मतभेद असले तरी त्याच अहवालात. विद्या विकास मंडळ प्रकरणात (2007) अहवाल वेगवेगळे दिले गेले, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने कारवाईच रद्द केली.

हे सारे साधारण 120 दिवसांत संपले पाहिजे, पहिल्या बैठकीपासून किंवा निलंबनापासून, जे आधी असेल तिथून मोजून. मुदतवाढ शिक्षण उपसंचालकांकडून मिळते. ती नसेल तर निलंबन आपोआप संपते, चौकशी मात्र चालू राहू शकते.

पोलिसांत तक्रार जरूर द्या, तिचा निकाल लागेपर्यंत थांबायची गरज नाही.

बडतर्फीचा आदेश मिळाल्यापासून तीस दिवसांत तो शाळा न्यायाधिकरणात अपील करू शकतो. तिथे पायरी चुकल्याचे दिसले तर पुन्हा रुजू करून घेण्याचा आणि थकीत पगाराचा आदेश होऊ शकतो. बेकायदा बडतर्फीत पूर्ण थकीत पगार हाच सर्वसाधारण नियम, असे सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये क्रांती ज्युनिअर अध्यापक महाविद्यालयाच्या प्रकरणात सांगितले, आणि ते प्रकरण याच अधिनियमाखालचे होते. निकालाला पाच-सात वर्षे लागली तर तेवढ्या वर्षांच्या पगाराची तजवीज संस्थेकडे आहे का, हे पुढच्या सभेत कार्यकारिणीला विचारा.