मनी प्लांट लांबतोय, पण भरत नाही?

वेल खिडकीकडे लांबत गेला आणि मधली पानं विरळ झाली, तर खत वाढवू नका, आधी कात्री घ्या. स्पिरिटने पुसलेली, धारदार. दांड्यावर पान जिथे फुटतं तिथे पेर असतं. त्याच्या वर अर्धा सेंटीमीटर सोडून कापा. शेंडा गेला की तिथून खाली येणारं, बाजूचे फुटवे रोखून धरणारं संप्रेरक थांबतं आणि पेरातला डोळा, म्हणजे झोपलेला कोंब, फुटतो. पण एका दांड्याला बहुधा एक-दोनच फुटवे येतात. कुंडी खरी भरते ती कापलेले तुकडे पाण्यात मुळं धरल्यावर त्याच कुंडीत लावल्याने. प्रत्येक तुकड्याला एक तरी पेर हवंच. नुसत्या पानातून नवा वेल कधीच फुटत नाही.

रबर प्लांटलाही शेंडा खुडण्याचा हाच नियम, फक्त त्याच्या पांढऱ्या चिकाने त्वचेला खाज येते, म्हणून हातमोजे घाला. स्नेक प्लांटचं पान मात्र मधून कापू नका, ते टोक पुन्हा वाढत नाही. नको असलेलं पान मातीलगत काढा.

पावसाळ्याच्या तोंडाशी छाटलंत तर फुटवा लवकर येतो. आणि हो, कुंडी उजेडाजवळ सरकवा, नाहीतर नवा फुटवाही तसाच लांबेल.